परवादेशाचा भूगोल

पाचोऱ्याला आमची बदली झाली तेव्हा स्टेशनाजवळ दोन खोल्या मिळाल्या, पण एका अटीवर. घरमालक ओसरीवर धोतराचा सोगा खोचून तांदूळ निवडत बसले होते. ह्यांनी आपली माहिती सांगितली, रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून म्हणून आलोय, घरात आम्ही दोघंच. त्यातलं त्यांनी काही ऐकलं की नाही कोण जाणे. ताटातला खडा बाजूला टाकत त्यांनी मला विचारलं, “वहिनी, तुमच्याकडे कॅलेंडर आहे?”

“आहे. दत्ताचं.”

“आत लावा. स्वयंपाकघरात, माजघरात, कुठेही. ओसरीच्या भिंतीवर नको. येणारा माणूस आधी त्याच्याकडे बघतो आणि आज कोणता दिवस ते ठरवून टाकतो. मग त्याच्याशी बोलण्यात मजा राहत नाही.”

ह्यांनी मला डोळ्यांनीच खुणावलं, दुसरीकडे बघू. मी म्हटलं, इथेच राहू. असला घरमालक पुन्हा कुठे मिळायचा?

ते गावातल्या एका शाळेत भूगोल शिकवत. सगळं गाव त्यांना मास्तर म्हणे, आम्हीही तेच म्हणू लागलो. उंच, सडपातळ, थोडे पुढे वाकलेले. कोटाच्या दोन्ही खिशांत खडू, आणि ते विसरून खिशात हात घालायची सवय. त्यामुळे कपाळावर, कानामागे, कधी पाण्याच्या तांब्यावरही त्यांची पांढरी बोटं उमटलेली असत. स्वयंपाक स्वतः करत. त्यांची भाकरी कधी गोल झाली नाही. एखादी फारच बिघडली की ती दोन्ही हातांत धरून दाराशी येत आणि हाक मारत, “वहिनी, बघा बघा, हुबेहूब सिलोन!” मग तिचं दक्षिण टोक मोडून चटणीला लावत.

शिकवायला चांगले होते. तापी कुठून निघते, गिरणा तिला कुठे मिळते, हे त्यांची पोरं झोपेतही सांगत. पण फळ्यावर खानदेश काढून झाला, वर सातपुडा, खाली अजिंठ्याचे डोंगर, की उजव्या हाताला थोडी जागा ते मुद्दाम कोरी ठेवत. शनिवारी शाळा सुटायच्या आधी त्या कोऱ्या जागेत ते आणखी एक देश काढत. त्याचं नाव परवादेश.

“परवा आलो होतो म्हणतो आपण, आणि परवा येईन असंही म्हणतो,” त्यांनी मला समजावलं होतं. “एकच शब्द, पण तोंडं दोन्हीकडे. अशा शब्दाला राहायला एखादा मुलूख नको?”

त्या मुलखात रेल्वे होती, आणि ती गावांतून न धावता दिवसांतून धावे. गाडीला दोन्ही टोकांना इंजिन. एक गेलेल्या दिवसांकडे ओढणारं, दुसरं येणाऱ्या. कोळसा लागत नसे. इंजिनात जळायचं ते माणसांचं ताटकळणं. कचेरीच्या ओट्यावर, दवाखान्याच्या दारात, लग्नाच्या मांडवात माणसं जो वेळ नुसती बसून घालवतात तो आपल्याकडे फुकट जातो. परवादेशात म्हणे तो फरशीखालच्या नळांतून टाकीत उतरे आणि टाकीतून इंजिनात. “आपल्या पाचोऱ्याला जामनेरच्या छोट्या गाडीसाठी लोक जे बसून राहतात ना,” मास्तर म्हणत, “तेवढं एका दिवसाचं जरी त्यांना दिलं तरी गाडी पेशवाईपर्यंत जाऊन परत येईल.”

मला अशा गोष्टींचा नाद नव्हता, पण एकदा ऐकलं की पुढचं विचारल्याशिवाय राहवत नसे. मी विचारलं, “मग काल उतू गेलेलं दूध आज जाऊन वाचवता येईल?”

“अं हं. गेलेल्या दिवसात उतरायचं नाही. गाडीला दारं आहेत, पण मागच्या स्टेशनांवर ती उघडत नाहीत. खिडकीत बसायचं आणि बघायचं.”

“आवाज येतो?”

“काच आहे ना.”

“मग जाऊन उपयोग काय, मास्तर?”

त्यांचा चेहरा खुलला. पोरांपैकी कुणी हे विचारलं नव्हतं वाटतं. “वहिनी, सकाळी तुमच्या दारातून कोण कोण गेलं?”

मी सांगू लागले. दूधवाला, टांगा, शेजारची बाई. चौथ्या माणसाशी अडले.

“तुम्ही कुठे उभ्या होतात?”

“तुळशीपाशी.”

“तोंड कुठे?”

“भिंतीकडे.” आणि मला एकदम आठवलं की भिंतीवर सावली पडली होती, डोक्यावर टोपलं घेतलेल्या बाईची. मी ती पाहिली होती आणि पाहिली आहे हे मला ठाऊक नव्हतं.

“हाच उपयोग,” मास्तर म्हणाले आणि आत जाऊन पोळी लाटू लागले. हे त्यांचं नेहमीचंच होतं. काय झालं असं ते कधी विचारत नसत. कुठे उभा होतास, तोंड कुठे होतं, हेच विचारत. शाळेत मारामारी करून आलेल्या पोरांनासुद्धा.

परवादेशाचे कायदेही असत आणि ते बदलत. एकदा तिथे आपापलं लग्न बघायला जाणाऱ्यांची इतकी गर्दी झाली की कालखात्याला लग्नतिथींना जादा डबे जोडावे लागले. एकदा एका म्हाताऱ्याला गाडीतून ओढून काढावं लागलं. तो रोज आपल्या लहानपणच्या एकाच दुपारी जाऊन बसे, कारण त्या दुपारी काहीच झालं नव्हतं. पोरं हे सगळं घरी जाऊन सांगत, पोरांच्या आया विहिरीवर सांगत, आणि छोट्या गाडीतून ते पहूरपर्यंत पोचे.

शाळातपासनीस आले त्या वर्षीची गोष्ट तर गावात पुष्कळ दिवस चालली. साहेबांनी एका मुलाला विचारलं, सगळ्यांत लांब रेल्वे कोणत्या देशात? मुलगा हुशार. ताठ उभा राहून म्हणाला, “परवादेशात, साहेब.” साहेब विचारात पडले. म्हणाले, “हा देश कोणत्या खंडात?” मुलगा म्हणाला, “तिथे खंड नसतात, साहेब. वार असतात.”

मास्तरांना बोलावणं झालं. मास्तरांनी सगळं कबूल केलं. वर म्हणाले, “साहेब, आफ्रिका मी पाहिलेली नाही. परवादेशही पाहिलेला नाही. दोन्ही सारख्याच काळजीने शिकवतो.” साहेबांनी कडक शेरा लिहिला. पण टांग्यात बसताना इकडेतिकडे पाहून त्यांनी हळूच विचारलं म्हणे, “त्या गाडीत खिडकीची जागा आधी सांगून ठेवता येते का हो?”

हा देश त्यांच्या डोक्यात आला कुठून याबद्दल गावात तर्क पुष्कळ. कुणी म्हणे बायको तरुणपणी गेली. दुसरा म्हणे लग्नच कुठे झालं होतं? तिसऱ्याला ते मुंबईला कुठल्याशा परीक्षेत नापास झाल्याचं पक्कं ठाऊक होतं. मी सरळ त्यांनाच विचारलं. ते म्हणाले, “एका मुलीनं वर्गात विचारलं, जमीन संपली की काय? मी म्हटलं समुद्र. समुद्र संपला की? पुन्हा जमीन. मग तिनं विचारलं, काल संपला की काय असतं? मला उत्तर येईना. उत्तर येत नसलं तर मास्तरानं काय करायचं? नकाशा काढायचा.” हे खरं होतं की मला गप्प करायला सांगितलं, ते मला आजही माहीत नाही.

पुढे लढाई आली आणि सरकारने देशभर घड्याळं तासभर पुढे सरकवली, तेव्हा मास्तरांइतका आनंद कुणाला झाला नसेल. स्टेशनावर जाऊन मोठ्या घड्याळाखाली उभे राहून ते येईल त्याला सांगत, “पाहिलंत? अख्खा तास उचलून नेला आणि पावतीसुद्धा दिली नाही!” लढाई संपल्यावर तो तास परत आला. त्या वेळी आम्ही धुळ्याला होतो. मास्तर त्याच्या थोडं आधी गेले, असं आम्हाला पाचोऱ्याहून आलेल्या एका माणसाने सांगितलं. तो परत आलेला तास त्यांना मिळाला नाही, याचंच मला पहिल्यांदा वाईट वाटलं.

पण मास्तरांचं नाव निघालं की मला आठवते ती कजगावकडची बाई. ही गोष्ट लढाईच्या आधीची.

दुपारची वेळ होती. ती ओट्यावर येऊन बसली, डोक्यावरचा पदर पुढे ओढलेला, पायांना वाटेची धूळ. मी पाणी दिलं. मास्तर शाळेतून येईपर्यंत ती तिथेच बसून राहिली. ते आले तशी उठून उभी राहिली.

“कालना दिनमा जाणारी गाडी तुमले माहीत शे म्हणतस,” ती म्हणाली. “माले त्या गाडीमा बठनं शे.”

मास्तर हसले नाहीत. त्यांनी कोट काढून खुंटीला लावला, तिच्यासमोर जमिनीवर बसले आणि म्हणाले, “कोणत्या दिवसाला जायचंय, बाई?”

मग तिने सांगितलं. तिच्या मुलीचं नाव तापी. पहूरच्या बाजूला दिलेली. सासरची माणसं मारकुटी, एकदा पोरीच्या हातावर चटका दिलेला आईने पाहिला होता. पोर माहेरी आली ती परत जायला तयार नव्हती. दीर न्यायला आला. नात्यातली चार माणसं बोलली, आणि आईने तिला धाडून दिली. कजगावहून मोठ्या गाडीने पाचोऱ्याला यायचं आणि इथे पहूरला जायला छोटी गाडी धरायची. त्या दिवशी पाचोऱ्याच्या मालधक्क्यावर कापसाच्या गाठींना आग लागली. फाल्गुनातलं ऊन आणि सुका कापूस, बघता बघता धूर गावभर झाला. दिराने तापीला गाठोड्याजवळ लिंबाखाली बसवलं आणि तो आग बघायला पळाला. परत आला तेव्हा गाठोडं होतं, तापी नव्हती. विहिरी पाहिल्या, नाले पाहिले. सासरचे म्हणाले, आईनेच लपवली. माहेरचे म्हणाले, कुणाबरोबर तरी मुंबईच्या गाडीने पळाली. आम्ही पाचोऱ्याला यायच्या कितीतरी आधीचं हे.

“माले तठे उतरनं नही,” बाई म्हणाली. परवादेशाचे कायदे तिला ठाऊक होते. “तिना संगे बोलनं बी नही. ती कोनती बाजूले गयी तेवढं खिडकीमाईन देखनं शे. मंग मी त्या बाजूले तोंड करीसन तरी बठसू.”

मास्तरांनी तिचा तांब्या पुन्हा भरून ठेवला. मग म्हणाले, “पुढच्या बाजाराला या.”

त्या शनिवारी फळ्यावरची कोरी जागा कोरीच राहिली. पोरं माझ्याकडे येऊन विचारू लागली, मास्तरांना बरं नाही का? ते जेवत नव्हते धड. ओसरीवर येरझारा घालत. मला म्हणाले, “वहिनी, पोरांना गोष्ट सांगितली आणि एका आईनं ती खरी धरली. आता तिला काय सांगू?”

“जे आहे ते सांगा,” मी म्हटलं.

बाजाराच्या दिवशी ती आली. मास्तरांनी हात जोडले. “बाई, तो देश नाही. ती गाडीही नाही. मीच रचली.”

मला वाटलं ती रडेल, नाहीतर शिव्या देईल. ती त्यांच्याकडे बघत राहिली, जणू मास्तरांनाच काही कळत नाही. “तुम्हीच बनाडी ना?” ती म्हणाली. “मंग मनाकरता एक दिन बनाडा.”

मास्तरांनी जोडलेले हात सोडले. मग माझ्याकडे वळून म्हणाले, “वहिनी, घरात रांगोळी किती आहे?”

त्यानंतर ते गावभर फिरले. पोरगी पाहिली का, असं त्यांनी कुणाला म्हणजे कुणाला विचारलं नाही. ते तर पूर्वी पोलिसांनी विचारलं होतं, सासरच्यांनी विचारलं होतं, आणि सगळे नाही म्हणाले होते. मास्तर विचारत, “कापसाला आग लागली त्या दिवशी तू कुठे होतास?” आणि लोकांना तर तेच सांगायचं असे. आगीच्या दिवशी आपण कुठे होतो हे गावात प्रत्येकाला पाठ होतं. “मग रविवारी माझ्या अंगणात ये आणि तिथे उभा राहून दाखव,” मास्तर सांगत. लोक म्हणाले, मास्तरांचं काहीतरी नवीन. पण आले.

त्या रविवारी सकाळपासून मास्तरांनी आमच्या अंगणात रांगोळीने सगळं स्टेशन काढलं. मोठ्या गाडीचे रूळ, छोट्या गाडीचे रूळ, मालधक्का, तिकिटाची खिडकी, लिंबाचं झाड, फाटकाबाहेरची पाणपोई. माझं लाल लुगडं मालधक्क्याच्या जागी गोळा करून ठेवलं, ती आग. तापीच्या आईला त्यांनी ओसरीच्या कठड्याशी पाटावर बसवलं. “ही तुमची खिडकी,” म्हणाले. “आपण फक्त बघायचं.” आणि मग माझ्याकडे वळले. “वहिनी, तुम्ही तापी व्हा.”

हे मला त्यांनी आधी सांगितलं नव्हतं. पण नाही म्हणायला मी कुठली! पदर डोक्यावरून घेतला, गाठोडं काखेत मारलं आणि रांगोळीच्या लिंबाखाली जाऊन बसले.

एकेकजण आपल्या जागी उभा राहिला. पहिल्या फलाटावर हमाल. तिकिटाच्या खिडकीपाशी भजीवाला, त्या दिवशी त्याची कढई तिथे होती म्हणून. ज्यांच्या गाठी जळल्या ते मारवाडी शेटजीही आले होते. ते मालधक्क्याच्या कडेला उभे राहिले आणि लाल लुगड्याकडे बघून त्यांचा चेहरा खरोखरच उतरला. फाटकाबाहेर या शेटजींचीच पाणपोई होती आणि तिथे पाणी द्यायला एक म्हातारी असे. तिला सगळे अक्का म्हणत. तिलाही मास्तरांनी बोलावलं होतं. ती अंगणात यायलाच तयार नव्हती, “माले काय माहीत शे, मी ते पानी देस,” म्हणत होती. शेटजींनी सांगितलं तेव्हा आली आणि पाणपोईच्या खुणेवर उभी राहिली.

“आता आग लागली,” मास्तर म्हणाले. “कसे उभे होतात तसे राहा.”

हमाल लाल लुगड्याकडे वळला. भजीवाला वळला. शेटजी तर आधीच तिकडे बघत होते. सगळ्या अंगणाची तोंडं एकाच दिशेला. मास्तर मध्ये उभे राहून प्रत्येकाकडे बघत हळूहळू फिरले आणि थांबले. अक्काची आगीकडे पाठ होती. तिने रांजणातून पाणी काढल्यासारखा हात पुढे धरला होता, आणि तो तसाच राहिला होता.

मास्तर तिला काही बोलले नाहीत. मला म्हणाले, “तापी, ऊठ. लोक म्हणतात तू मुंबईच्या गाडीकडे गेलीस. तशी चाल.”

मी उठले. गाठोडं तिथेच ठेवलं आणि मुंबईच्या बाजूला चालू लागले. रूळ ओलांडायला मी पाऊल उचललं, आणि मागून अक्का ओरडली, “तिकडे नही वं माय! इकडे! भुसावळनी गाडी इकडे!”

मग तिचं तिलाच कळलं. तिने पदर तोंडावर घेतला आणि मटकन खाली बसली. पाणपोईची रांगोळी तिच्याखाली पुसली गेली.

तिने सांगितलं ते असं. पोरगी पाणी प्यायला आली. ओंजळ धरली तेव्हा मनगटावरचा चटका दिसला. सगळा गाव आगीकडे पळत होता. पोरीने विचारलं, सावद्याला जायचं तर कोणती गाडी? तिच्या सासरच्या शेजारची कुणी बाई सावद्याची होती, तिने सांगितलं होतं की तिथे केळीच्या मळ्यांत बायांना बारमाही काम असतं. अक्काने तिचा हात धरला, भुसावळच्या गाडीत बायकांच्या डब्यात नेऊन बसवलं, आणि भुसावळला कुठली गाडी बदलायची ते सांगितलं. “कोनले सांगू नको वं अक्का, परत गयी ते मारी टाकतीन,” एवढं पोर बोलली. मग आई विचारायला आली तेव्हा दीर तिच्या शेजारीच उभा होता. अक्का काय बोलणार होती? आणि एकदा नाही म्हटलं ते नाहीच राहिलं.

तापीची आई पाटावरून उठली नव्हती. तिने फक्त विचारलं, “भुसावळ कोनती बाजूले?” मास्तरांनी बोट दाखवलं. ती त्या बाजूला तोंड करून बसली.

आता मला भीती वाटू लागली. अंगणात एवढी माणसं, आणि ही बातमी छोट्या गाडीने संध्याकाळपर्यंत पहूरला पोचायची. मास्तरांच्याही ते ध्यानात आलं असावं. ते सगळ्यांकडे बघत म्हणाले, “इथे आज काय दिसलं तुम्हाला?”

हमालाने पागोटं नीट केलं. “मी तर आग पाहत होतो, मास्तर.”

“मी बी,” भजीवाला म्हणाला.

शेटजींनी लाल लुगड्याकडे हात केला. “माझा माल जळत होता. मी दुसरीकडे कशाला बघीन?”

आणि खरोखर, हा विषय पाचोऱ्यात पुन्हा कुणाच्या तोंडून मी ऐकला नाही. मी त्या गावात पुढे इतकी वर्षं काढली आणि इथे लपून काही राहत नाही असं मी सगळ्यांना सांगत असे.

सावद्याला मास्तर, तापीची आई आणि मी गेलो. हे म्हणाले, बाईमाणूस बरोबर हवं, तू जा. मला सांगायचीही गरज नव्हती. स्टेशनापासून पुढे दोन्ही बाजूंनी केळीच केळी. आत शिरलं की ऊन हिरवं होतं, मातीचा ओला वास येतो आणि पाटाचं पाणी कुठे वाहतंय ते दिसत नाही, नुसतं ऐकू येतं. मास्तर प्रत्येक मळ्याशी थांबून विचारत. तापीचं नाव घेत नसत. अजिंठ्याच्या डोंगराकडून पूर्वी कधी आलेली, एकटी बाई, एवढंच विचारत. शेवटी एका मळ्याच्या मालकाने आत हात दाखवला. “ती का? वाळली पानं कापतेय तिथे. पण तिचं कुणी नाही म्हणते ती.”

आम्ही बांधावरून आत गेलो. हातात विळा घेतलेली एक बाई वाकलेली दिसली. पावलांचा आवाज आला तशी तिने मान वर केली. तिला आधी मास्तर दिसले, कोटातला अनोळखी पुरुष. विळा टाकून ती केळीत पळाली. पानं एकदा हलली आणि ती दिसेनाशी झाली.

“तापी!” आईने हाक मारली. आतून काही नाही. मी पुढे होऊ लागले तर मास्तरांनी हाताने थांबवलं. ते स्वतः मागे सरले आणि बांधाच्या कडेला पाठ करून बसले.

तापीची आई केळींच्या समोर मातीत बसली, आणि त्या झाडांशी बोलू लागली. शेजारणीशी बोलावं तसं. “तुना बाप गया वं माय. कपिला वियनी, गोऱ्हा व्हयना, तो आते नांगरले चालस. धाकलानं लगीन व्हयनं, सून गुणनी शे, पन तिले भाकर जमत नही. विहीरवरला आंबा वादळमा पडना.” गावात कोण मेलं, कोण जन्मलं, कुणाचं शेत कुणाकडे गेलं, सगळं सांगितलं. बातम्या संपल्या तशी ती थांबली. मग खाली मातीकडे बघत म्हणाली, “मीच धाडं तुले. लोके बोलनात, पन धाडं मी. मीच.”

तिने पदराने तोंड पुसलं. पाटाचं पाणी वाहत होतं. आता ती उठेल आणि आपण परत जाऊ असं मला वाटलं.

केळीतून आवाज आला. अगदी जवळून. ती पळालीच नव्हती, दोन झाडांमागे उभी होती.

“माय,” ती म्हणाली, “तू जेवनी का?”

आईने मान हलवली, नाही म्हणून.

मास्तर उठले. धोतराची माती झटकली आणि आमच्याकडे न बघता रस्त्याच्या दिशेने चालू लागले. माझा पाय निघत नव्हता. मला थांबायचं होतं, आत काय बोलणं होतं ते ऐकायचं होतं. मी थोडं चालून वळून पाहिलं. पानांच्या मधून एक काळा, कष्टाने खरबरीत झालेला हात बाहेर आलेला दिसला, आणि त्यात फडक्यात बांधलेली भाकरी.

“वहिनी,” पुढून मास्तरांनी हाक मारली, “या लवकर. त्यांना जेवू द्या.”